'सैराट'ची चार गाणी



या व्यासपीठावरून आजवर विद्वानांनी तत्त्वज्ञान सांगितले, इतिहास सांगितला. आमचे शिक्षण विडी कामगारांच्या वस्तीत आणि युनियनच्या कचेरीत झाले. तेव्हा आम्ही नाचाच्या गाण्यांवर बोलणार म्हणून कोणी हसले तर आमची तक्रार नाही. पण ज्या गाण्यावर बागायतदाराचा मुलगा आणि ऊसतोड्याचा मुलगा एकाच वरातीत नाचतात, ते थट्टेवारी नेण्यासारखे नव्हे.

'सैराट' लागला २९ एप्रिल २०१६ रोजी. दिग्दर्शक नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातील जेऊरचे, म्हणजे आपल्या कर्जत-जामखेडच्या शेजारचे. संगीत अजय-अतुल या बंधूंचे. गाणी अवघी चार, आणि त्यांतील वाद्यवृंद ध्वनिमुद्रित करायला हे बंधू थेट अमेरिकेत लॉस एंजलिसला गेले. हे ऐकून आमच्यातला युनियनवाला आधी उखडला. आपल्याकडे वाजवणारे का थोडे आहेत? मग एका रात्री 'याड लागलं' निवांत ऐकले आणि राग ओसरला. व्हायोलिनांची ती भरती आजवर बंगल्यातल्या प्रेमासाठी राखलेली असे. येथे ती मासेमाराच्या पोरासाठी वाजते.

'झिंगाट'चे मात्र निराळे. त्याचा ठेका आपल्या वरातीचाच, फक्त यंत्रावर चढवलेला. हलगीचे नाते त्याला आहे, आणि हलगी वाजवणारा पिढ्यान्‌पिढ्या वेशीबाहेर राहिला, हे आपण जाणता. तो ठेका आता वेशीच्या आत सर्वांना नाचवतो. २०१८ साली 'धडक'मधून तो हिंदीतही गेला.

१९४४ साली अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभे केले. ढोलकीवर माणसे जमवायची आणि जमलेल्यांना भाकरीची गोष्ट सांगायची, हा त्यांचा शिरस्ता. मंजुळ्यांनी वेगळे काय केले? चित्रपटात 'झिंगाट' वाजते ते पाटलाच्या वाड्यावर, वाढदिवसाला. सारे गाव तेथे नाचते. त्याच रात्री आर्ची-परशाचे प्रेम उघडकीला येते, आणि नाचणाऱ्यांतल्याच पोरांवर मार खायची पाळी येते. अखेरच्या दृश्यात तर संगीतच नाही. सगळा आवाज काढून घेतला आहे. आपण चारही गाणी घरी नेली. ते न वाजलेले पाचवे चित्रपटगृहातच ठेवून आलो.

त्या शांततेचा अर्थ आपल्या जिल्ह्याला कोणी समजावून सांगायला नको. चित्रपट लागण्याच्या दोन वर्षे आधी, २८ एप्रिल २०१४ रोजी, जामखेड तालुक्यातील खर्डा येथे एका दलित शाळकरी मुलाला मारून टाकण्यात आले. तो वरच्या जातीच्या मुलीशी बोलतो, असा संशय होता. खटला नगरला चालला. अनेक साक्षीदार उलटले आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये आरोपी सुटले.

आता आमची स्वतःची गोष्ट. चित्रपटानंतरच्या लगीनसराईत एका कामगाराच्या मुलीच्या वरातीत आमची कमिटीची माणसे 'झिंगाट'वर नाचली. पन्नाशी उलटलेले आम्हीही नाचलो. पुढे आठ दिवसांनी संध्याकाळी एक जोडपे कचेरीत आले. जाती दोन. एका रात्रीचा आसरा हवा होता. कोणाला एकदम घरचे पाहुणे आठवले, कोणाला कुलपाची किल्ली. आम्ही म्हणालो, "उद्या सकाळी या, बघू काहीतरी." अशा माणसांना 'उद्या' नसतो, हे तीस वर्षे चळवळ करून आम्हाला ठाऊक असायला हवे होते.

दारात एक विडी कामगार बाई उभी होती. नाचणे दूरच, वरातीला येण्याइतकीही सवड तिला मिळाली नव्हती. तिने त्या दोघांना आपल्या एका खोलीत नेले आणि मध्ये लुगड्याचा पडदा बांधला. पहाटेच्या पुण्याच्या एस. टी.त तिनेच त्यांना बसवून दिले. मग नेहमीप्रमाणे विड्या घालायला ती कारखान्यावर आली. आम्ही फाटकाशीच होतो; आमच्याकडे न पाहता ती रांगेत जाऊन उभी राहिली.