काटा थांबला म्हणजे प्रगती थांबली काय?

(शिक्षक, शासकीय कर्मचारी व पंचायत सदस्य यांच्यासाठी तालुक्याच्या ठिकाणी झालेल्या आरोग्यविषयक वर्गात एका वैद्यकीय अधिकाऱ्याने केलेल्या भाषणाचा मजकूर)



पूर्वी रेल्वेच्या फलाटावर वजनाचे एक मोठे यंत्र उभे असे. नाणे टाकले, की दिव्यांची उघडझाप होई आणि पुठ्ठ्याचे लहानसे तिकीट हाती येई. तिकिटाच्या एका बाजूला वजन छापलेले असे आणि दुसऱ्या बाजूला भविष्य. भविष्यावर कोणी फारसा विश्वास ठेवीत नसे. वजनावर मात्र सर्वांचा विश्वास असे. आज मला आपणांपुढे एवढेच मांडावयाचे आहे, की वजनाचा आकडा खोटा नसला, तरी तो अपुरा असतो. आणि अपुऱ्या आकड्यावर विसंबून माणसे चांगल्या लागलेल्या सवयी सोडून देतात. हे मी पुस्तकात वाचून सांगत नाही. त्यात माझाही हात होता.

एक चूक

काही वर्षांपूर्वी एक प्राथमिक शिक्षक माझ्याकडे तपासणीसाठी येत असत. वय ४७, वजन ८२ किलो, रक्तातील साखर मधुमेहाच्या उंबरठ्यावर. गुरुजींनी गोष्ट मनावर घेतली. पहाटे उठून ते पाझर तलावापर्यंत चालत जाऊन येऊ लागले. चहातील साखर सोडली, रात्रीचा भात निम्म्यावर आणला. चार महिन्यांत वजन ७६ किलोवर आले. त्यानंतरचे दोन महिने मात्र काटा जागचा हलेना. "डॉक्टरसाहेब, माझं काही चुकतंय का?" असे त्यांनी काळजीने विचारले. मी कागदावरचा वजनाचा रकाना पाहिला आणि म्हणालो, "गुरुजी, खाण्यावर आणखी ताबा ठेवायला हवा."

मी त्यांच्या कमरेला फीत लावली नाही, नाडी पाहिली नाही, साखरही पुन्हा तपासून घेतली नाही. त्यानंतर गुरुजी आलेच नाहीत. दीड वर्षाने भेटले तेव्हा वजन ८४ किलो झाले होते आणि मधुमेहाच्या गोळ्या सुरू होत्या. "एवढं करूनही काटा हलत नाही, मग पहाटेची झोप मोडायची कशाला, असं वाटलं," ते म्हणाले. बोलता बोलता त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. वजन थांबले होते त्याच दोन महिन्यांत त्यांना कमरेच्या पट्ट्याला दोन नवी भोके पाडून घ्यावी लागली होती. म्हणजे शरीर बदलत होते, फक्त काट्याला ते दिसत नव्हते. आणि मी काट्याखेरीज दुसरे काही पाहिले नव्हते.

काटा का थांबतो?

वजन उतरू लागल्यानंतर काही काळाने ते स्थिरावणे हा अपवाद नसून नियम आहे. त्याची कारणे समजून घेतली, तर मनाची निराशा पुष्कळ कमी होईल.

पहिले कारण पाण्याचे. आपल्या यकृतात व स्नायूंत पिष्टमय पदार्थांचा साठा ग्लायकोजेनच्या रूपाने असतो आणि त्याच्या प्रत्येक ग्रॅमबरोबर सुमारे ३ ग्रॅम पाणी बांधलेले असते. आहार कमी करताच हा साठा आधी वापरला जातो आणि त्याच्याबरोबर पाणीही जाते. म्हणून पहिल्या एकदोन आठवड्यांत वजन झपाट्याने उतरते. तो वेग पुढे टिकत नाही, टिकण्याचे कारणही नसते. आरंभीचा वेग हाच खरा मानणारा माणूस पुढे निराश होतो.

दुसरे कारण शरीराच्या खर्चाचे. बैलगाडीतील ओझे कमी झाले, की बैलांना श्रमही कमी पडतात. तसेच ८२ किलोचा देह तलावापर्यंत नेण्यास जेवढे उष्मांक लागतात, तेवढे ७६ किलोच्या देहास लागत नाहीत. शिवाय शरीर स्वतःहूनही काटकसर करू लागते. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस, १९४४-४५ मध्ये, अमेरिकेतील मिनेसोटा विद्यापीठात ॲन्सेल कीज यांनी ३६ निरोगी स्वयंसेवकांना २४ आठवडे अपुऱ्या आहारावर ठेवले होते. युद्धामुळे उपासमार झालेल्या लोकांना पुन्हा कसे सावरावे, हे त्यांना शोधावयाचे होते. त्या तरुणांचे वजन सुमारे एक चतुर्थांशाने घटले. पण विश्रांतीच्या अवस्थेतील त्यांचा उष्मांकांचा खर्च जवळजवळ ४० टक्क्यांनी घटला. देह जेवढा लहान झाला, त्याहून त्याची काटकसर मोठी होती.

तिसरे कारण भुकेचे. अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेतील केविन हॉल व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१६ मध्ये यासंबंधीचे गणित मांडले. त्यानुसार घटलेल्या प्रत्येक किलोमागे शरीराचा दैनंदिन खर्च सुमारे २० ते ३० उष्मांकांनी कमी होतो. भूक मात्र दिवसाला सुमारे १०० उष्मांकांनी वाढते. आमच्या गुरुजींचे ६ किलो वजन उतरले होते. म्हणजे रोजचा खर्च एका भाकरीइतका कमी झाला असेल आणि भूक तीन-चार भाकरींइतकी वाढली असेल. अशा भुकेला तोंड देत वजन वाढू न देणे, हा पराभव की पराक्रम, हे आपणच ठरवावे.

चौथे कारण सुखद आहे. माणूस व्यायाम करू लागला, की मेद घटत असताना स्नायू काही प्रमाणात वाढू शकतात. एक किलो मेद आणि एक किलो स्नायू काट्याला सारखेच. पण मेद अधिक जागा व्यापतो. म्हणून काटा स्थिर असतानाही कंबर उतरू शकते.

अर्थात, दरवेळी हीच कारणे असतील असे नाही. हात नकळत सैल सुटतो. फोडणीला तेल वाढते, सभेतील चहा-बिस्किटे हिशेबात धरली जात नाहीत. हेही प्रामाणिकपणे तपासावे. परंतु तपासण्यासाठी काट्याखेरीज दुसरी साधने हाती असली पाहिजेत.

काट्याला न दिसणारे

याबाबतचा एक महत्त्वाचा धडा आपल्या महाराष्ट्रातूनच जगाला मिळाला आहे. पुण्याच्या केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे डॉ. जॉन युडकिन या दोन संशोधकांनी २००४ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात स्वतःचेच छायाचित्र प्रसिद्ध केले. वजन आणि उंची यांवरून काढलेला देहभार निर्देशांक दोघांचाही नेमका सारखा, २२.३. पण युडकिन यांच्या शरीरात मेदाचे प्रमाण ९.१ टक्के होते, तर याज्ञिक यांच्या शरीरात २१.२ टक्के. काट्याच्या दृष्टीने दोघे सारखे, आतून मात्र वेगळे. भारतीय माणूस दिसावयास सडपातळ असला, तरी त्याच्या पोटाभोवती मेद साठलेला असू शकतो. "मी तर बारीक आहे, मला साखरेचा विकार कसा होईल?" असे खेड्यापाड्यांतून ऐकू येते. त्याचे उत्तर या छायाचित्रात आहे.

हीच गोष्ट देशाच्या पातळीवर भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या साहाय्याने झालेल्या आणि २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या पाहणीत दिसली. देहभार निर्देशांकानुसार २८.६ टक्के प्रौढ स्थूल ठरले. कमरेच्या घेरानुसार मात्र ३९.५ टक्के. केवळ वजन-उंचीवर विसंबणाऱ्याच्या नजरेतून केवढा मोठा समूह निसटतो, हे यावरून ध्यानात यावे.

कमरेच्या मापाचे महत्त्व फार पूर्वी एका गमतीदार मार्गाने पुढे आले होते. लंडनच्या दुमजली बसगाड्यांतील चालक दिवसभर बसून असत, तर वाहक सतत जिने चढत-उतरत. वाहकांना हृदयविकाराचा त्रास कमी होतो, हे जेरी मॉरिस यांनी १९५३ मध्ये दाखवून दिले. पुढे १९५६ मध्ये त्यांनी या कर्मचाऱ्यांच्या गणवेशांची मापे तपासली. चालकांच्या विजारींची कंबर त्याच वयाच्या वाहकांपेक्षा मोठी निघाली. शिंप्याच्या फितीने जे टिपले, ते वैद्यकशास्त्राला उपयोगी पडले.

आणि सर्वांत आश्वासक पुरावा चेन्नईचा. डॉ. ए. रामचंद्रन यांच्या नेतृत्वाखालील मधुमेह-प्रतिबंधाच्या प्रयोगात ५३१ व्यक्ती सहभागी होत्या. सर्वजण आमच्या गुरुजींप्रमाणे मधुमेहाच्या उंबरठ्यावर होते. २००६ मध्ये त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. नेहमीप्रमाणेच राहिलेल्या गटात तीन वर्षांत ५५ टक्के लोकांना मधुमेह झाला. आहार व चालणे यांत सुधारणा करणाऱ्या गटात ३९.३ टक्क्यांना. लक्षात घेण्याजोगी बाब अशी, की या दुसऱ्या गटाचे वजन फारसे उतरलेच नव्हते. काटा जवळजवळ स्थिर होता, तरी रोग मागे हटला. हा निष्कर्ष मी त्या दिवशी गुरुजींना सांगितला असता, तर कदाचित ते पहाटेचे चालणे सोडते ना.

मग मोजावे काय?

माझी सूचना अशी, की प्रत्येकाने एक शंभरपानी वही करावी आणि तीत पाच नोंदी ठेवाव्यात.

पहिली नोंद कमरेच्या घेराची, महिन्यातून एकदा. शेवटची बरगडी आणि कमरेचे हाड यांच्या मध्यावर फीत आडवी धरावी, पोट आत ओढू नये आणि श्वास सहज सोडून माप घ्यावे. भारतीय पुरुषाचा घेर ९० सेंटिमीटरच्या आणि स्त्रीचा ८० सेंटिमीटरच्या आत असावा.

दुसरी नोंद चालण्याच्या वेळेची. शाळेपासून देवळापर्यंत किंवा फाट्यापर्यंत एक ठराविक अंतर निवडावे आणि भरभर चालत ते किती मिनिटांत तोडले, हे लिहावे. आज २० मिनिटे लागतात आणि दोन महिन्यांनी १७ लागतात, तर हृदय व फुप्फुसे सुधारली असे खुशाल समजावे.

तिसरी नोंद नाडीची. सकाळी अंथरुणातून उठण्यापूर्वी मनगटावर दोन बोटे ठेवून मिनिटाचे ठोके मोजावेत. नियमित व्यायामाने ते हळूहळू कमी होतात.

चौथी नोंद ताकदीची. हात छातीशी बांधून खुर्चीवरून ३० सेकंदांत किती वेळा पूर्ण उठता-बसता येते, ते मोजावे. तालमीतील वस्ताद पठ्ठ्याची तयारी त्याच्या बैठकांवरून जोखतो, त्यामागे हेच शहाणपण आहे. सतरा देशांत झालेल्या आणि २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात हाताची पकड कमजोर असणाऱ्यांत मृत्यूचे प्रमाण अधिक आढळले. स्नायूंचे बळ ही केवळ मल्लांची गरज नव्हे.

पाचवी नोंद रक्तदाब व रक्तशर्करा यांची, डॉक्टर सांगतील त्या अंतराने.

वजनही अवश्य करावे. मी काट्याला घराबाहेर काढा असे म्हणत नाही. पण आठवड्यातून एकदाच, ठरलेल्या दिवशी, सकाळी अनशापोटी करावे आणि चार आठवड्यांची सरासरी पाहावी. रोजच्या चढउतारात मीठ, पाणी आणि कालचे जेवणच अधिक बोलत असते.

चार आठवडे काटा हलला नाही, तर वही उघडावी. कंबर उतरत असेल, पाय भराभर पडत असतील, तर काही बदलू नये. तसेच चालू ठेवावे. सर्वच नोंदी थांबल्या असतील, तर तेल, साखर व भाताचे प्रमाण पुन्हा मोजावे, ताटात डाळ, उसळ, दूध, अंडी यांपैकी काही वाढवावे आणि चालण्याला ताकदीच्या व्यायामाची जोड द्यावी. आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे मध्यम श्रमाचा व्यायाम आणि किमान दोन दिवस स्नायूंना बळकटी देणारा व्यायाम, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये सांगितले आहे. उपाशी राहण्याचा मार्ग मात्र धरू नये. त्यात मेदाबरोबर स्नायूही झिजतात.

दोन इशारे देणे माझे कर्तव्य आहे. प्रयत्न न करता वजन उतरू लागले, तर आनंद न मानता तत्काळ डॉक्टरांकडे जावे. आणि ज्यांना हृदयविकार आहे, चालताना छातीत दुखते, मधुमेहाची औषधे चालू आहेत किंवा ज्या भगिनी गरोदर आहेत, त्यांनी सल्ल्यावाचून आहार-व्यायामात बदल करू नये.

आपल्या हाती असलेले

यातील बरेचसे आपल्या यंत्रणेने केव्हाच स्वीकारले आहे. अंगणवाडीत बालकाचे नुसते वजन करून आपण थांबत नाही. त्याची उंची घेतो, दंडाचा घेर मोजतो. तीस वर्षांवरील व्यक्तींसाठी आशा कार्यकर्ती जो अर्ज भरते, त्यातील धोका मोजणाऱ्या भागात वजनाचा प्रश्नच नाही. प्रश्न आहे कमरेच्या घेराचा आणि आठवड्याच्या १५० मिनिटांच्या श्रमाचा. तो अर्ज केवळ भरून पाठवण्याचा कागद नव्हे. त्यातील आकडा त्या माणसाला समजावून सांगितला गेला पाहिजे.

पंचायतीला यासाठी मोठा खर्च नाही. एखाद्या सुरक्षित रस्त्यावर एक किलोमीटरच्या खुणा रंगवाव्यात. शाळेचे मैदान सकाळ-संध्याकाळ स्त्री-पुरुषांना मोकळे असावे. ग्रामसभेच्या दिवशी उपकेंद्राच्या कर्मचाऱ्यांनी फीत व रक्तदाबाचे यंत्र घेऊन बसावे. शिक्षकांना एवढेच सांगणे, की वार्षिक परीक्षेच्या एका गुणावरून मुलाची प्रगती ठरवू नये, हे आपण पालकांना नेहमी सांगता. तोच न्याय स्वतःच्या देहालाही लावावा.

ते गुरुजी आता पुन्हा चालू लागले आहेत. गेल्या महिन्यात ते वही घेऊन आले होते. या वेळी मी आधी फीत काढली आणि मग काट्याकडे वळलो. कमरेचा घेर तीन सेंटिमीटरने कमी होता, तलावाची फेरी चार मिनिटांनी आटोपत होती आणि वजन मागच्या महिन्याइतकेच होते. "मग चालू ठेवू ना?" त्यांनी विचारले. मी म्हणालो, "चालू ठेवा, गुरुजी."

आपणांसही माझी हीच विनंती आहे.