एका फायलीचे अनेक धनी

काशीच्या गंगातीरावर दक्षिणेतून गेलेल्या मराठी पंडितांची घराणी कित्येक पिढ्या नांदली. काळे उपनावाचे नागेशभट्ट हे त्यांपैकीच एक. सतराव्या शतकाची अखेर आणि अठराव्या शतकाचा पूर्वार्ध हा त्यांचा काळ. पाणिनीच्या सुमारे चार हजार सूत्रांचा अर्थ कसा लावावा, दोन सूत्रांत विरोध आल्यास कोणते बलवान मानावे, हे सांगणाऱ्या नियमांना परिभाषा म्हणतात. त्यांचा ऊहापोह नागेशभट्टांनी ‘परिभाषेन्दुशेखर’ या ग्रंथात केला. परिभाषा एकदाच सांगावयाची आणि प्रसंग पडेल तेथे लावावयाची, ही मोठी काटकसर खरी. परंतु तिचा अर्थ एके ठिकाणी सोयीने फिरविला, तर दुसरीकडची सिद्ध रूपे डळमळतात. म्हणून वैयाकरण तिला हात घालण्यापूर्वी ती आणखी कोठे कोठे लागते, हे पाहतो.

त्याच वाराणसीत आज टेबलाटेबलांवर जे संगणक दिसतात, त्यांच्या पोटातही अशीच व्यवस्था आहे. पडद्यावर चौकट काढणे, कागद छापणे, अक्षरे जुळविणे ही कामे प्रत्येक प्रोग्रामला लागतात. ती प्रत्येकाने स्वतंत्रपणे लिहिण्याऐवजी एका सामायिक फायलीत ठेवावीत आणि गरज पडेल त्याने तेथून घ्यावीत, अशी योजना १९८५ साली निघालेल्या पहिल्या विंडोजपासूनच आहे. या फायलींना डीएलएल म्हणतात.

देवनागरीचेच उदाहरण घ्या. ‘विश्वनाथ’ हा शब्द संगणक साठवितो तेव्हा आधी ‘व’ येतो आणि मागाहून ऱ्हस्व वेलांटी. पडद्यावर मात्र वेलांटी ‘व’च्या आधी उभी राहावी लागते, आणि ‘श’ व ‘व’ यांचे जोडाक्षर व्हावे लागते. विंडोज २००० पासून हे काम यूएसपी१० नावाच्या डीएलएलकडे आले. २००१ च्या विंडोज एक्सपीच्या इंग्रजी आवृत्तीत ही सोय वेगळी चालू करावी लागे. ती राहून गेली, की कोणत्याही प्रोग्राममध्ये जोडाक्षरे फुटत. दोष त्या प्रोग्रामचा नसे.

आता विश्वविद्यालयाच्या सिंहद्वाराबाहेर, लंका भागातील एखादे टंकलेखनाचे दुकान डोळ्यांसमोर आणावे. अर्ज भरण्याचा शेवटचा दिवस आहे, विद्यार्थ्यांची रांग लागली आहे, आणि पडद्यावर सूचना येते, की एमएसव्हीसीपी१४० ही फाइल सापडत नाही. घाईला आलेला दुकानदार कोठल्या तरी अनोळखी ठिकाणाहून तेवढी एकच फाइल उतरवून घेतो आणि विंडोजच्या कपाटात टाकतो. येथेच घात होतो. ती फाइल निर्मात्याकडूनच आली आहे याची खात्री नाही. तिच्या जोडीच्या इतर फायली आल्याच नाहीत. शिवाय ३२ बिटांच्या प्रोग्रामला ६४ बिटांची फाइल चालत नाही. गंमत अशी, की ६४ बिटांच्या विंडोजमध्ये सिस्टिम३२ या कपाटात ६४ बिटांच्या फायली असतात आणि सिसवाऊ६४ या कपाटात ३२ बिटांच्या. नावावर विसंबणारा हमखास फसतो.

योग्य उपाय फार अवघड नाही. सूचनेतील फायलीचे नाव अक्षरशः टिपून घ्यावे आणि ती कोणत्या संचातील आहे हे शोधावे. वरील फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या संचातली आहे. तो संपूर्ण संच मायक्रोसॉफ्टकडूनच घेऊन बसवावा. एकच प्रोग्राम अडला असेल, तर तो काढून पुन्हा बसवावा. अनेक प्रोग्राम एकदम अडले, तर विंडोजच्याच फायली बिघडल्याचा संशय घ्यावा आणि प्रशासकाच्या अधिकाराने एसएफसी स्कॅननाऊ ही आज्ञा चालवावी. ती विंडोजच्या स्वतःच्या फायली तपासून दुरुस्त करते.

पूर्वी नवा प्रोग्राम बसविताना तो सामायिक फायलीवर आपलीच आवृत्ती लादी, आणि कालपर्यंत चालणारा दुसरा प्रोग्राम बंद पडे. प्रोग्रामकार या अवस्थेला नरक म्हणत. विंडोज २००० ने स्वतःच्या फायलींभोवती पहारा बसविला. एक्सपीने एकाच फायलीच्या अनेक आवृत्ती शेजारी शेजारी ठेवण्याची सोय केली.

मग प्रत्येक प्रोग्रामने आपली प्रत आपल्याच घरात का ठेवू नये? त्याचेही मोल २००४ साली कळून आले. चित्रे उघडणाऱ्या जीडीआयप्लस या डीएलएलमध्ये असा दोष सापडला, की मुद्दाम बिघडवून रचलेले एक चित्र उघडताच संगणक परक्याच्या ताब्यात जावा. विंडोजमधील प्रत सुधारली, तरी निरनिराळ्या प्रोग्रामांनी आपापल्या घरात ठेवलेल्या प्रती सदोषच राहिल्या. त्या एकेक करून शोधाव्या लागल्या.

सामायिक ठेवले तर एकाची चूक सर्वांना भोवते, आणि वेगळे ठेवले तर एकाची सुधारणा सर्वांपर्यंत पोहोचत नाही. या पेचातून कायमची सुटका नाही. सामायिक वस्तूला हात लावण्यापूर्वी तिच्यावर आणखी कोण विसंबून आहे, हे विचारण्याची सवय मात्र लावून घेता येते. काशीच्या वैयाकरणांना ती होती. रांगेपुढे बसलेल्या त्या दुकानदाराने ती लावून घेतली, तर त्याची पाच मिनिटे जातील, पण रांगेतल्या कोणाचा अर्ज राहणार नाही.