जर्मन जीभ, इटालियन हिंदी

सभागृहात शिरताना एका काकांनी मला अडवलं. म्हणाले, “जर्मन नटीचं अंबाजोगाईत काय काम?” रास्त प्रश्न आहे. उत्तर गंगाखेडवरून येतं.

११ जानेवारी २०१९ला ‘द ॲक्सिडेंटल प्राइम मिनिस्टर’ प्रदर्शित झाला. दिग्दर्शक विजय गुट्टे. गंगाखेडच्या रत्नाकर गुट्ट्यांचे चिरंजीव. त्यात अनुपम खेर मनमोहनसिंग झाले आणि सोनिया गांधी झाल्या सुझॅन बर्नर्ट. सिनेमाच्या राजकारणात मी शिरत नाही. बीड जिल्ह्यात त्यासाठी बाहेरून वक्ता आणावा लागत नाही!

मला बोलायचंय ते या बाईंच्या जिभेबद्दल. जन्म १९८२चा, जर्मनीतल्या डेटमोल्डचा. आता बघा, जर्मन ‘र’ घशात घासला जातो. आपला ‘त’ आणि ‘ट’ त्या कानाला सुरुवातीला एकच वाटतात. ‘ताट’ म्हणून बघा. जीभ आधी दातांना टेकते, मग मागे वळून टाळूला लागते. आपण आईच्या मांडीवर शिकलो, परक्या माणसाला त्याची तालीम करावी लागते. आणि एवढी मेहनत करून हिंदी घासूनपुसून घ्यावी, तर भूमिका सांगते, आता ती पुन्हा बिघडवा. तीही आपल्या जर्मन वळणाने नाही, इटलीत जन्मलेल्या बाईच्या वळणाने. इटालियन ‘र’ तर जिभेच्या टोकावर थरथरतो.

‘चक्रवर्तिन अशोक सम्राट’ मालिकेत त्याच हेलेना होत्या, म्हणजे ग्रीक. जर्मन बाई कधी ग्रीक, कधी इटालियन. आपल्याकडे गोरा माणूस दिसला की अख्खा युरोप एकाच गावचा. हसू नका; हिंदी सिनेमाने मराठी बाईला वर्षानुवर्षं मोलकरीणच केलं, तिथे कुठे कोणी तिचं गाव विचारलं?

याची उलटी गंमतही झालेली आहे. मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये फ्रान्झ ओस्टेन नावाचे जर्मन दिग्दर्शक होते. १९३९च्या ‘नवजीवन’मध्ये त्यांच्या हाताखाली नायिका होत्या आपल्या हंसा वाडकर. दिग्दर्शकाला हिंदी येत नाही आणि नायिका मराठी! संवाद बरोबर झाला की नाही, हे त्यांनी चेहऱ्यावरूनच ताडलं असणार. शब्द कळत नसले की डोळे जास्त काम करतात. बहिऱ्या आजोबांशी बोललेल्या कुणालाही हे ठाऊक आहे.

सुझॅनबाईंच्या घरची एक गोष्ट सांगतो. त्यांचे यजमान अखिल मिश्रा, २०२३च्या सप्टेंबरात गेले. ‘थ्री इडियट्स’मधले ग्रंथपाल दुबेजी आठवतात? हिंदी न कळणाऱ्या चतुरला जडजड हिंदीत भाषण लिहून देणारे? सिनेमाचा नायक रँचो त्यातले शब्द बदलतो, आणि चतुर बिचारा एक अक्षर न समजता ते घडाघडा म्हणून दाखवतो. ते दुबेजी म्हणजे हेच.