धावण्यापुरता आपला

जेसी ओवेन्स हे नाव निघालं की आपल्याला बर्लिन आठवतं. १९३६ चं ऑलिंपिक, स्टेडियममध्ये बसलेला हिटलर आणि एका कृष्णवर्णीय अमेरिकन तरुणानं जिंकलेली चार सुवर्णपदकं. ही कहाणी आपण पुष्कळदा ऐकली आहे. आज मला बोलायचं आहे ते त्याच्या आधीच्या तीन वर्षांविषयी. तेव्हा हा तरुण कॉलेजात शिकत होता.

जेसीचा जन्म १९१३ चा, अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या अलाबामा राज्यातला. आजोबा गुलाम होते. वडील दुसऱ्याच्या शेतात वाट्यानं राबायचे. दहा भावंडांत हा धाकटा. तो नऊ वर्षांचा असताना कुटुंबानं उत्तरेकडची वाट धरली आणि क्लीव्हलंड शहरात बिऱ्हाड केलं. नाव जेम्स क्लीव्हलंड, म्हणून घरी त्याला जे. सी. म्हणत. नव्या शाळेत बाईंनी नाव विचारलं. त्यानं आपल्या दक्षिणी हेलात 'जे. सी.' सांगितलं, बाईंनी 'जेसी' लिहून घेतलं. पुढे जगानंही तेच लिहून घेतलं. हजेरीपटात माझ्या नावाचीही अशी बरीच रूपं झाली आहेत, त्यामुळे हा प्रसंग मला घरचाच वाटतो.

पुढे शाळेत त्याला चार्ल्स रायली नावाचे क्रीडाशिक्षक भेटले. या मुलाच्या पायांत काय आहे ते त्यांनी ओळखलं. शाळा सुटल्यावर जेसीला कामावर जावं लागे, म्हणून रायली त्याचा सराव सकाळी, शाळा भरायच्या आधी घेत. १९३३ मध्ये, शाळकरी असतानाच, त्यानं १०० यार्ड, म्हणजे सुमारे ९१ मीटर, ९.४ सेकंदांत पार केले आणि जागतिक विक्रमाशी बरोबरी साधली. त्याच वर्षी तो कोलंबस इथल्या ओहायो स्टेट युनिव्हर्सिटीत दाखल झाला.

इतका गुणी खेळाडू आल्यावर विद्यापीठानं त्याला डोक्यावर घेतलं असेल, असं आपल्याला वाटेल. पण शिष्यवृत्ती नव्हती. वसतिगृहात कृष्णवर्णीयांना जागा नव्हती, म्हणून तो बाहेर, आपल्यासारख्याच इतर मुलांबरोबर राहिला. आसपासच्या हॉटेलांत त्याला वाढत नसत. संघ परगावी गेला की गोरे खेळाडू एकीकडे उतरायचे आणि जेसी व त्याचे कृष्णवर्णीय सोबती दुसरीकडे. पोटासाठी त्यानं रात्रपाळीला लिफ्ट चालवली, वेटरचं काम केलं, गाड्यांत पेट्रोल भरलं, ग्रंथालयात पुस्तकं लावली. क्लीव्हलंडला एक लहान मुलगी होती. तिच्या आईशी, रूथशी, त्यानं १९३५ च्या जुलैत लग्न केलं. काम, सराव आणि संसार यांतून अभ्यासाला वेळ कुठून काढायचा? १९३६ च्या हिवाळ्यात गुण कमी पडले म्हणून काही काळ त्याला संघाबाहेर बसावं लागलं.

या धकाधकीतच २५ मे १९३५ चा दिवस उगवला. मिशिगनमधल्या ॲन आर्बरला 'बिग टेन' विद्यापीठांची स्पर्धा होती. काही दिवसांपूर्वीच जिन्यावरून पडून जेसीची पाठ धरली होती, नीट वाकताही येत नव्हतं. प्रशिक्षक लॅरी स्नायडर त्याला उतरवायला राजी नव्हते. एक शर्यत पळून बघतो, असा त्यानं हट्ट धरला. सव्वातीन वाजता १०० यार्ड ९.४ सेकंदांत, विश्वविक्रमाशी बरोबरी. दहा मिनिटांनी लांब उडी, फक्त एकच, ८.१३ मीटर. जुना विक्रम १५ सेंटीमीटरनं मागे पडला. मग २२० यार्ड २०.३ सेकंदांत. चार वाजता २२० यार्ड अडथळ्यांची शर्यत २२.६ सेकंदांत. पाऊण तासात तीन नवे विश्वविक्रम आणि एकाची बरोबरी! त्यातली ती लांब उडी तर १९६० पर्यंत कुणाला ओलांडता आली नाही.

ज्या विद्यापीठाचं नाव छातीवर लावून तो हे सगळं करत होता, त्याच्या वसतिगृहात त्या रात्रीही त्याला खाट मिळाली नसती.

बी.ए.ला असताना मीही शहरात खोली शोधत हिंडलो आहे. एका घरमालकांशी मराठी कवितेवर तासभर छान गप्पा झाल्या. चहा झाला. मग त्यांनी पूर्ण नाव विचारलं, आणि खोली कालच दिली असल्याचं त्यांना आठवलं. जेसीच्या सोसण्यापुढे हे चिमूटभरच. मला पुढे दुसरी खोली मिळाली, चांगली माणसंही भेटली. पण तेव्हापासून, गुणांची कदर होतेच, असं कुणी म्हटलं की मला विचारावंसं वाटतं, ही कदर दाराच्या आत येते का?

बर्लिनहून परतल्यावर न्यूयॉर्कनं जेसीची मिरवणूक काढली. मात्र वॉल्डॉर्फ-अस्टोरिया हॉटेलातल्या सत्काराला त्याला मालाच्या लिफ्टनं वर जावं लागलं. रात्री जागून लिफ्ट चालवणाऱ्या विद्यार्थ्याला देशानं दिलेला हा मान! अध्यक्ष रूझवेल्ट यांची अभिनंदनाची तारही आली नाही. ऑलिंपिकनंतरचा युरोप दौरा अर्धवट सोडला म्हणून ॲथलेटिक संघटनेनं त्याला निलंबित केलं. तिशीही न गाठलेल्या या धावपटूची हौशी कारकीर्द तिथेच संपली. त्याच डिसेंबरात, हवानामध्ये, तो पैशांसाठी घोड्याशी शर्यत पळाला. १९४० मध्ये तो पुन्हा कॉलेजात गेला, पण पदवी राहिलीच. १९७२ मध्ये विद्यापीठानं त्याला मानद डॉक्टरेट दिली, १९८० मध्ये तो वारला आणि २००१ मध्ये त्याच्या नावाचं स्टेडियम तिथे उभं राहिलं.

आपल्या जिल्ह्याजिल्ह्यांच्या कॉलेजांतही धावणारी मुलं-मुली आहेत. त्यांनी जिंकलेल्या ढाली प्राचार्यांच्या खोलीत मांडलेल्या असतात. त्या मुली राहतात कुठे, रात्री जेवतात काय, शर्यतीच्या दिवशी पेपर आला तर काय करतात, हेही कधीतरी विचारायला हवं. रायली मास्तरांनी तरी काय केलं? मुलाला संध्याकाळी काम असतं, एवढं जाणून सराव सकाळी ठेवला. एवढं तर आपल्यालाही जमण्यासारखं आहे.