पडद्यावरील खरी तलवार

जपानी ऐतिहासिक चित्रपटांत तलवारबाजी आली ती मुख्यतः काबुकी रंगभूमीवरून. तेथील खड्गयुद्ध म्हणजे तालावर बांधलेले नृत्यच. ते डोळ्यांना सुखवी. मृत्यूचे भय मात्र त्यात नसे. अकिरा कुरोसावा यांना १९५४ च्या ‘सेव्हन सामुराई’साठी नेमके ते भय हवे होते. म्हणून त्यांनी योशिओ सुगिनो यांना पाचारण केले.

सुगिनो हे पंधराव्या शतकापासून चालत आलेल्या कातोरी शिंतो-ऱ्यू या शस्त्रपरंपरेचे आचार्य. या परंपरेत प्रवेश करताना विद्या बाहेर उघड न करण्याची शपथ घ्यावी लागे, आणि तीही रक्ताची खूण उमटवून. अशी विद्या कॅमेऱ्यापुढे न्यायची, तर ती किती न्यायची? पडद्यावर जे दिसते त्यावरून मला वाटते, सुगिनोंनी नटांना डावपेचांहून अधिक शिकविले ते उभे राहणे, पाऊल टाकणे आणि थांबणे.

क्यूझो या खड्गनिपुणाच्या भूमिकेतील सेइजी मियागुची यांना तलवारीचा सराव नव्हता, हे सांगूनही खरे वाटत नाही! पहिली लढत लाकडी दांड्यांची. प्रतिस्पर्धी ती बरोबरीत सुटल्याचे म्हणतो. खरी तलवार असती तर तू मेला असतास, असे क्यूझो शांतपणे सांगतो. तो चिडून खऱ्या तलवारीचाच हट्ट धरतो, ओरडत धावून येतो. क्यूझो पवित्रा घेऊन वाट पाहतो. एकच वार, आणि प्रतिस्पर्धी संथ गतीने कोसळतो. त्या क्षणी तलवारीकडे न पाहता क्यूझोच्या पावलांकडे पाहावे.