गांजाचे औषध आणि डॉक्टराची सही

(आपल्या ज्ञातिमंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात झालेल्या भाषणाचा मजकूर)



कार्यवाहांनी आम्हांस भाषणाचा विषय विचारला, तेव्हा आम्ही जे नाव सांगितले ते ऐकून ते क्षणभर गप्पच झाले. ‘गुरुजी, संमेलनास बायकामुले असतात,’ एवढेच म्हणाले. गांजा हा शब्द आपल्या घरांतून चिलीम, बैरागी आणि पोलीस यांच्याखेरीज दुसऱ्या कशाच्या संगतीत उच्चारला जात नाही, हे खरे आहे. परंतु ह्याच एका शब्दावरून आपल्या ज्ञातीतील दोन घरांत अबोला पडला, एका गुणी मुलीची नालस्ती झाली, आणि त्या पापात आमचाही वाटा आहे. म्हणून बोलणे प्राप्त झाले. आम्ही वैद्य नव्हे, वकीलही नव्हे. जुनी अकरावी मॅट्रिक होऊन आयुष्यभर शाळेत मुले शिकविलेला मनुष्य. जे सांगणार ते विचारून, वाचून आणि चारदा खात्री करून घेतलेले आहे.

हकीकत अशी. आपले एक जुने सभासद आहेत. त्यांची अनुज्ञा घेऊन, नावगाव वगळून सांगत आहोत. त्यांचा मुलगा व सून इंग्लंडात नोकरीस आहेत. नातू सहा वर्षांचा. सहाव्या महिन्यात तापात पहिली आकडी आली, ती मग ताप नसतानाही येऊ लागली. दिवसाकाठी तीन-चार फिटा, रात्री आईबापांनी आळीपाळीने जागावयाचे, असा त्या घराचा क्रम. तीन औषधे झाली, चौथे झाले. मग कोणीतरी सांगितले की गांजाच्या तेलाने अशी मुले सुधारतात, आणि २०१८ सालापासून इंग्लंडात हे औषध कायदेशीर झालेले आहे.

त्याच शहरात आपल्या ज्ञातीची एक कन्या डॉक्टर आहे. तिकडे ज्यास जी. पी. म्हणतात, म्हणजे कुटुंबाचा नेहमीचा डॉक्टर, ते तिचे काम. ती आमची विद्यार्थिनी. पाचवीपासून आमच्या वर्गात होती. मुलाच्या आईबापांनी तिच्याकडे चिठ्ठी मागितली. तिने नाही म्हटले. पुन्हा मागितली, पुन्हा नाही म्हटले. मग आजोबा आमच्याकडे आले. ‘गुरुजी, तुमचा शब्द ती मोडायची नाही. एक सही तर करायची आहे.’ आम्ही विचार न करता त्याच रात्री तिला फोन लावला आणि गुरू या नात्याने चार शब्द सुनावले. ‘आपल्या माणसासाठी एवढेही होत नाही का?’ असेही म्हणालो. ती फार बोलली नाही. आठ दिवसांनी तिचे लांबलचक पत्र आले. ते वाचून आमची मान खाली गेली. तोवर इकडे लग्नकार्यांतून ‘परदेशात जाऊन माणुसकी विसरली’ ही बोलणी सर्वत्र झालेली होती.

तिने लिहिलेले, आणि त्यानंतर आम्ही स्वतः धुंडाळलेले, आता सांगतो.

ह्या औषधाचा इंग्लंडात जो प्रवेश झाला तो आपल्याच देशातून. विल्यम ब्रुक ओशॉनेसी नावाचे एक आयरिश डॉक्टर कलकत्त्याच्या मेडिकल कॉलेजात प्राध्यापक होते. (पुढे ह्याच गृहस्थांनी हिंदुस्थानात तारायंत्राचे जाळे उभारले.) आपल्या देशातील लोक भांग-गांजा औषधात वापरतात हे पाहून त्यांनी प्रयोग केले, आणि १८३९ साली त्यांवर निबंध वाचला. धनुर्वात, संधिवात यांबरोबर चाळीस दिवसांच्या एका तान्ह्या मुलीच्या आकडीवर गांजाचा अर्क दिल्याची हकीकत त्यांनी नोंदविली आहे. आकडी आणि गांजा यांची सांगड आजकालची नव्हे, हे लक्षात यावे म्हणून हे सांगितले. तेथून हा अर्क विलायतेच्या औषधी दुकानांत गेला, आणि पुढे सव्वाशे वर्षे तेथील कोणताही डॉक्टर तो लिहून देऊ शकत असे. १९७१ चा अमली पदार्थांचा कायदा १९७३ मध्ये अमलात आला, तेव्हा ती वाट बंद झाली. गांजा पहिल्या परिशिष्टात गेला. वैद्यकीय उपयोग नाही असे सरकारने मानलेले पदार्थ त्या परिशिष्टात असतात. डॉक्टरासही ते हाताळावयाचे तर गृहखात्याचा परवाना हवा.

ही बंद वाट उघडली ती मुलांच्या आकडीमुळेच. उत्तर आयर्लंडातील एका मुलास त्याच्या गावचा जी. पी. गांजाचे तेल लिहून देत होता. गृहखात्याने त्या डॉक्टरास बोलावून ते थांबविले. मग आईने कॅनडातून औषध आणले. जून २०१८ मध्ये ते लंडनच्या हीथ्रो विमानतळावर तिच्या हातून काढून घेण्यात आले. मुलगा बारा वर्षांचा. काही दिवसांतच त्यास रुग्णालयात न्यावे लागले. वर्तमानपत्रांतून मोठा गहजब झाला, आणि गृहमंत्री साजिद जाविद यांनी विशेष अधिकार वापरून औषध परत देवविले. सरकारच्या प्रमुख वैद्यकीय अधिकारी सॅली डेव्हिस यांनी पुरावा तपासून, काही विकारांत ह्या औषधांचा गुण येतो असा निर्वाळा दिला. त्यानंतर १ नोव्हेंबर २०१८ पासून गांजापासून केलेली औषधे दुसऱ्या परिशिष्टात, म्हणजे मॉर्फिनच्या पंगतीत, आली.

आता मुख्य मुद्दा. औषध कायदेशीर झाले, पण कोणाच्या सहीने? मंजुरी न मिळालेले गांजाचे औषध द्यावयाचे तर ते जनरल मेडिकल कौन्सिलच्या तज्ज्ञांच्या नोंदवहीत ज्याचे नाव आहे अशा डॉक्टराच्याच निर्णयाने देता येते. जी. पी. चे नाव त्या नोंदवहीत नसते. त्यांची नोंदवही निराळी. तज्ज्ञाने सुरू केलेले औषध पुढे त्याच्या देखरेखीखाली जी. पी. ने लिहून द्यावे, अशी वाट ठेवलेली आहे. परंतु पहिला निर्णय जी. पी. चा नव्हे. लहान मुलांच्या बाबतीत तर तेथील मार्गदर्शक संस्थेने, ‘नाइस’ने, २०१९ मध्ये आणखी कडक सांगितले: मोठ्या रुग्णालयातील बालरोगतज्ज्ञानेच आरंभ करावा. धूम्रपान करून हे औषध घेण्यास सर्वांनाच बंदी आहे. शिवाय डॉक्टराने शक्य तोवर आप्तेष्टांना औषध लिहून देऊ नये, अशी त्यांच्या कौन्सिलची शिकवण आहे. म्हणजे आम्ही ज्यास ‘एक सही’ म्हणत होतो, ती आमच्या विद्यार्थिनीने केली असती तर तिच्या नोंदणीवर गदा आली असती आणि औषधही मिळाले नसते. कारण दुकानदाराने तो कागद परत केला असता.

हा नियम निव्वळ अडवणुकीचा आहे काय? प्रथम आम्हांस तसेच वाटले. मग तिने एक गोष्ट समजावली. गांजात अनेक द्रव्ये असतात. टी. एच. सी. हे नशा आणणारे; सी. बी. डी. हे नशा न आणणारे. आकडीवर ज्याचा पुरावा चांगला आहे ते सी. बी. डी. पण हे सी. बी. डी. क्लोबाझाम ह्या आकडीच्या औषधाबरोबर दिले, तर त्या औषधाचा अंश रक्तात वाढतो आणि मूल झोपाळू होते. व्हॅल्प्रोएटबरोबर दिले तर यकृतावर ताण पडू शकतो; मधून मधून रक्त तपासावे लागते. आमच्या सभासदांचा नातू ही दोन्ही औषधे घेत होता! त्याहून मोठे असे की, आकडी हा एक रोग नव्हे. पुष्कळ रोगांचे ते बाह्य रूप आहे. ड्रॅव्हे नावाच्या प्रकारात आकडीचीच काही नेहमीची औषधे अपाय करतात. कोणता प्रकार हे ओळखणे हेच तज्ज्ञाचे काम.

येथे आमच्या अज्ञानाची एक आठवण सांगणे भाग आहे. आम्ही नोकरीस लागलो त्या वर्षी वर्गात एका मुलास फिट आली. आम्ही त्याच्या नाकाशी वहाण धरली, दातांत चमचा घातला. दोन्ही गोष्टी चुकीच्या. कुशीवर वळवून, डोक्याखाली मऊ काही ठेवून, घड्याळाकडे पाहावयाचे, आणि पाच मिनिटांत थांबली नाही तर रुग्णालय गाठावयाचे, हे आम्हांस कोणी शिकविले नव्हते. त्या मुलाच्या वडिलांनी दुसऱ्या दिवशी येऊन एवढीच विनंती केली की, ‘ज्ञातीत बोलू नका, घरात मुली आहेत.’ आपल्या वधूवर-नोंदवहीतून हा विषय आजही लपतो. हिंदू विवाह कायद्यातून अपस्माराचे कारण १९९९ मध्ये काढून टाकले गेले. आपल्या मनांतून ते केव्हा निघेल?

असो. नियमाची एक बाजू आम्हांस पटली. दुसरी पटत नाही, आणि तीही बोलली पाहिजे. कायद्याने दार उघडले, पण पायऱ्या बांधल्या नाहीत. नोंदवहीत नाव असलेला तज्ज्ञ पाहिजे, एवढेच कायदा म्हणतो. तो कोणत्या विषयाचा, हे मार्गदर्शनावर सोडलेले आहे. त्यामुळे मोठ्या माणसांच्या दुखण्यांसाठी खाजगी दवाखाने झपाट्याने निघाले, आणि ज्याच्याजवळ पैसा आहे त्यास चिठ्ठी मिळते. उलट मुलांच्या मेंदूचे तज्ज्ञ मोजके. त्यांतून मंजुरी नसलेले तेल लिहून देण्यास तयार असणारे त्याहून मोजके. सरकारी आरोग्यसेवेतून असे तेल मिळालेली मुले फारच थोडी. ज्या मुलांच्या नावाने कायदा बदलला, तीच रांगेच्या शेवटी उभी राहिली. ह्यास न्याय म्हणावयास आमची जीभ वळत नाही.

मात्र एक वाट सरळ आहे. एपिडायोलेक्स ह्या नावाचे शुद्ध सी. बी. डी. चे औषध रीतसर मंजूर झालेले आहे. डिसेंबर २०१९ मध्ये ‘नाइस’ने ते ड्रॅव्हे आणि लेनॉक्स-गॅस्टॉ ह्या दोन प्रकारांसाठी, दोन वर्षांवरील मुलांस, क्लोबाझामच्या जोडीने देण्यास मान्यता दिली. पुढे २०२० मध्ये त्यावरील निर्बंधही सैल झाले. परंतु आरंभ तज्ज्ञानेच करावयाचा. म्हणून आमच्या विद्यार्थिनीने पहिल्याच भेटीत सही नाकारताना दुसरे एक काम केले होते, ते आम्हांस कोणी सांगितले नव्हते. मुलाच्या जनुकांची तपासणी अद्याप झालेली नाही, ती मागून घ्या, आणि रुग्णालयातील मेंदूतज्ज्ञाची भेट लवकर मिळावी म्हणून अर्ज करा, असे तिने सांगितले. अर्जाचा मसुदाही स्वतः लिहून दिला. रागाच्या भरात तो मसुदा टेबलाच्या खणात गेला, आणि चार महिने तेथेच राहिला.

त्या चार महिन्यांत इकडे आजोबांनी स्वतःचा मार्ग शोधला. एका वैद्यांकडून रीतसर चिठ्ठी घेऊन त्यांनी विजयेचे तेल आणले. यात त्यांनी काही गैर केले असे नाही. आपल्या देशाचा नियम निराळा आहे. १९८५ च्या कायद्याप्रमाणे गांजा म्हणजे झाडाचे फुलोऱ्याचे शेंडे आणि चरस म्हणजे राळ. शेंड्यांविना असलेली पाने व बिया त्या व्याख्येत येत नाहीत. आयुर्वेदात भांगेस विजया म्हणतात, आणि औषधांच्या नियमांतील विषारी द्रव्यांच्या यादीत ती धोतरा, बचनाग, कुचला यांच्या शेजारी बसलेली आहे. बिया तेवढ्या वगळून. अशा औषधाच्या वेष्टनावर वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावे असा इशारा छापावा लागतो. म्हणजे इंग्लंडात जी सही मेंदूतज्ज्ञाची, ती येथे आयुर्वेदाच्या वैद्याची. आपल्या राज्यात भांगेवर १९४९ च्या दारूबंदी कायद्याचाही अंमल आहे, हे विसरू नये.

चूक झाली ती पुढे. २०२३ च्या उन्हाळ्यात आजोबा मुलाकडे निघाले, तेव्हा ती बाटली मेतकुटाच्या डब्यात घालून त्यांनी सामानात बांधली. ‘वैद्यांची चिठ्ठी आहे की,’ असे म्हणाले. निघण्याच्या आदल्या दिवशी निरोप घेण्यास आले असता सहज बोलून गेले, म्हणून कळले. आपल्या वैद्याची चिठ्ठी आपल्या हद्दीपुरती. त्या तेलात टी. एच. सी. असेल तर इंग्लंडच्या दृष्टीने ते परवान्याविना आणलेले अमली द्रव्य. गांजाच्या चोरट्या आयातीस तेथे चौदा वर्षांपर्यंत शिक्षा सांगितलेली आहे. तेथे असे औषध यावयाचे ते तज्ज्ञाच्या चिठ्ठीवर, परवानाधारक व्यापाऱ्यामार्फत, गृहखात्याच्या आयात-परवान्याने. कॅनडातून येणाऱ्या त्या आईजवळचे औषध जेथे काढून घेतले, त्याच विमानतळावर आपले सत्तरीचे सभासद मेतकुटाचा डबा घेऊन उतरणार होते. आम्ही त्यांच्या घरी गेलो, ट्रंक उघडविली आणि बाटली बाहेर काढविली. ते रागावले. जाताना बोलले नाहीत. आपल्यापैकी ज्यांची मुले परदेशी आहेत, त्यांनी कोणासाठीही अशी वस्तू नेऊ अगर आणू नये. मग ती कितीही सद्‌हेतूने असो.

तिकडे पोचल्यावर आजोबांनीच टेबलाच्या खणातील तो मसुदा शोधून काढला. अर्ज गेला, भेट मिळाली, तपासणी झाली. प्रकार ड्रॅव्हेचाच निघाला. २०२४ च्या आरंभी रुग्णालयातील तज्ज्ञाने मंजूर औषध सुरू केले, क्लोबाझामची मात्रा उतरविली आणि रक्ततपासणीच्या तारखा लावून दिल्या. आकडी थांबलेली नाही. दिवसाच्या तीन-चारांवरून आठवड्याच्या दोन-तीनांवर आली आहे. मुलगा रात्री झोपतो. आई मात्र अजून सवयीने जागी राहते, असे आजोबा सांगतात.

आमच्या विद्यार्थिनीस आम्ही पत्र लिहून क्षमा मागितली. तिने उत्तरात त्याविषयी अक्षरही लिहिले नाही. मुलाचे वजन किती भरले एवढे कळविले. तिची जी बदनामी आपल्या मांडवांतून झाली, ती आमच्याच तोंडून सुरू झाली होती. म्हणून ती ह्याच मांडवात, सर्वांसमक्ष, आम्ही परत घेत आहोत. तिचे आईवडील आज येथे तिसऱ्या रांगेत बसलेले आहेत.