मनोऱ्याखालची जमीन

(डोंबिवली येथील कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेले भाषण)



१२ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबई-ठाण्याचा वीजपुरवठा खंडित झाला, लोकलगाड्या जागच्या जागी थांबल्या. पडघे-कळवा ही ४०० किलोव्होल्टची वाहिनी म्हणजे महानगराची धमनी, हे त्या दिवशी सर्वांना कळले. ती ज्यांच्या शेतांवरून जाते, ते मात्र त्या चर्चेत कोठेही नव्हते.

अशा वाहिनीविरुद्ध न्यायालयात जाणारा शेतकरी पहिला मुद्दा मांडतो तो संमतीचा. नैतिकदृष्ट्या तो योग्यच आहे. कायद्यात मात्र तो टिकत नाही. २००३ च्या वीज कायद्याच्या कलम १६४ अन्वये शासनाने वाहिनी उभारणाऱ्यास तारखात्याचे अधिकार बहाल केले की मालकाची संमती लागत नाही. हे अधिकार १८८५ च्या इंग्रजी कायद्यातले. २०२३ साली दूरसंचार कायदा करताना संसदेने त्याला निरोप देण्याची तरतूद केली, पण वीजवाहिन्यांपुरता त्याचा तिसरा भाग चालू राहील, हेही तेथेच लिहून ठेवले! तारेच्या खांबासाठी रचलेला कायदा आज ४६ मीटर रुंदीच्या पट्ट्यावर चालतो. सर्वोच्च न्यायालयात २०१६ साली सेंच्युरी टेक्सटाइल्ससारखी धनाढ्य कंपनीही या मुद्द्यावर हरली. तेथे दहा गुंठेवाल्याचा काय पाड?

तेव्हा लढा मोबदल्यावर हवा. २००७ साली केरळच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, नुकसानीस एकच ठोकळ सूत्र लावता येणार नाही. जमिनीचे स्थान, वाहिनीचे अंतर हे सारे पाहावे लागेल. कल्याणच्या वेशीवरच्या गावांत हे फार मोलाचे आहे. येथे जमीन पिकासाठी नव्हे, घरासाठी मोजली जाते. मालकी कागदावर राहते, पण तारांखाली घर बांधता येत नाही. केंद्राच्या २०१५ च्या मार्गदर्शक तत्त्वांत मनोऱ्याच्या जागेस किमतीच्या ८५ टक्के आणि पट्ट्यास फार तर १५ टक्के होते. जून २०२४ मध्ये ते अनुक्रमे २०० आणि ३० झाले. म्हणजे आधीचा हिशेब तोकडा होता, हे सरकारनेच कबूल केले.

‘मोबदला वाढला तर वीज महागेल’, असे आपल्यातलेही काही म्हणतात. पण बोलीने दिलेल्या प्रकल्पात कंपनीचे वार्षिक शुल्क आधीच ठरलेले असते. शेतकऱ्यास कमी दिलेला रुपया ग्राहकाकडे येत नाही, कंपनीच्या नफ्यात जातो. आणि समजा ग्राहकावर पडलाच, तर लाखो ग्राहकांत वाटलेला भार एकट्या शेतकऱ्याच्या माथी का मारावा?

मला खरी चिंता आहे ती सातबाऱ्यावर नाव नसलेल्यांची. मोबदला नावावर मिळतो; नोंद न झालेले कूळ, वनहक्काचा दावा पडून असलेला शहापूर-मुरबाडचा आदिवासी, बहिणींचे वगळलेले हिस्से, यांच्या हाती काय येणार? मनोऱ्याची आखणी गावात पोहोचण्याआधी तलाठ्याकडे जाऊन या नोंदी तपासायला हव्यात. मोबदल्याचा वाद कलम १६ खाली जिल्हा न्यायाधीशांपुढे नेता येतो, हेही गावागावांत सांगा. अनेकांनी चेक घेतला म्हणजे प्रकरण संपले असे धरले आहे.